आधी गाव, मग खोली

शिरूरला भाड्यानं खोली देणारे दहा-बारा जण तरी होते आणि त्यांतल्या कुणाकडेही गेलं की पहिला प्रश्न ठरलेला असे: आडनाव काय? आमचे घरमालक तेवढं विचारत नसत. पगारही विचारत नसत. दार अर्धं उघडून माणसाला पायांपासून वर बघत आणि म्हणत, "रविवारी सकाळी सातला या. वहाणा धड असू द्या. आधी गाव, मग खोली."

म्हणजे खोली हवी असेल तर आधी त्यांच्याबरोबर गाव बघायचं. सातला निघायचं, साडेबाराला परत. ही अर्ध्या दिवसाची फेरी चुकवून त्या घरात आजवर कुणी राहायला आलेलं नव्हतं. बँकेतले एक साहेब म्हणाले, भाडं थोडं जास्त देतो पण उन्हातान्हात फिरवू नका, तर त्यांना ओट्यावरूनच वाटेला लावलं होतं. औषधांच्या कंपनीचा एक पुण्याचा तरुण नवे कोरे बूट घालून आला. निम्म्या वाटेवर, गोऱ्या शिपायांच्या जुन्या दफनभूमीपाशी, "एक सिगारेट घेऊन येतो" म्हणून जो गेला तो थेट पुण्याच्या एसटीत जाऊन बसला. त्याचं मालकांना काही वाईट वाटलं नाही. "त्याला खोली नको हुती, नुसतं छप्पर पायजे हुतं," एवढंच ते म्हणाले.

सगळा गाव त्यांना आप्पा म्हणे. नगरपालिकेच्या जकात नाक्यावर त्यांनी तीस वर्षं काढली होती. गावात शिरणारी प्रत्येक बैलगाडी, प्रत्येक ट्रक अडवायचा, आत काय आहे ते बघायचं, पावती फाडायची आणि मग बांबू वर करायचा. हे काम अंगात इतकं मुरलं होतं की निवृत्त झाल्यावर, माणसं मात्र तशीच गावात शिरतात, कुणी अडवत नाही, काही भरत नाहीत, हे त्यांना बघवेना. त्यातून ही फेरी निघाली असावी. असावी म्हणतो, कारण त्यांनी स्वतः तिचं कारण कधी सांगितलं नाही. विचारलं तर म्हणत, "पद्धत हाय."

फेरीचे नियम होते. आप्पा पुढं, आपण दोन पावलं मागं. चालताना बोलायचं नाही; चालताना बोललं की डोळे झाकतात असं त्यांचं मत होतं. अंगात बारा महिने खाकी कोट, हातात छत्री. ती उघडलेली मी कधी पाहिली नाही, उन्हातही नाही आणि भुरभुर पावसातही नाही. ती दाखवण्यासाठी होती. छत्रीचं टोक वर गेलं की थांबायचं आणि बघायचं.

काय बघायचं हे सरकारी पुस्तकात सापडलं नसतं. नदीचा घाट होता, रामाचं देऊळ होतं, दफनभूमी होती, ते ठीक. पण गावात आलेल्या पहिल्या पिठाच्या गिरणीचं चाक, नाटकाच्या कंपनीनं परत न नेलेला रंगवलेला पडदा (एका शिंप्याच्या दुकानात त्याचा आडोसा केला होता), आणि सत्तावन्नच्या पुढं-मागं कधीतरी एका म्हशीनं फोडलेली आणि तशीच ठेवलेली वाचनालयाची खिडकी, हीसुद्धा त्यांच्या लेखी प्रेक्षणीय स्थळं होती. प्रत्येक ठिकाणचं भाषण पाठ होतं. शब्द बदलत नसे. मध्येच कुणी हटकलं तर आप्पा मागल्या वाक्यापासून पुन्हा सुरू करत, त्यामुळं हटकणाऱ्याचाच तोटा होई.

फेरी संपली की घरी ओसरीवर जेवण. आप्पांच्या बायकोला आम्ही काकू म्हणायचो. त्या पिठलं-भाकरी वाढत, कांदा फोडून देत आणि समोरच्याकडं जरा कीव येऊन बघत, कारण पुढं काय आहे ते त्यांना ठाऊक असे. ताट उचललं की आप्पा कोटाच्या खिशातून लांबट वही काढत, पेन्सिल जिभेला लावून ओली करत आणि विचारत, "हां, काय आणलंय?"

हीच त्यांची जकात. गावानं तुम्हाला एवढं दाखवलं, तुम्ही गावात काय घालणार? आप्पांनी सांगितलेल्यातली एक चूक तरी काढायची, नाहीतर गावाविषयी त्यांना माहीत नसलेली एक गोष्ट सांगायची. ती पटली की वहीत नोंद आणि मग किल्ली. काही नसेल तर पुढच्या रविवारी पुन्हा सातला.

त्यांच्या थोरल्या मुलीला बघायला केंदूरचे पाहुणे आले, तेव्हाही हा माणूस मागं हटला नाही. काकू डोळे मोठे करून खुणावत होत्या, पोह्यांच्या बश्या भरल्या होत्या आणि आप्पा नवऱ्यामुलाच्या वडिलांना घेऊन घाटावर गेले. त्या गृहस्थांचा गुडघा धरलेला. ते पहिल्या पायरीवर बसले ते उठेचनात. लग्न मोडलं असं धरून काकूंनी तोंड बारीक केलं. पण जेवणानंतर ते म्हणाले, "आप्पा, पायऱ्या तुम्ही एकवीस म्हणला. मी बसल्या बसल्या मोजल्या. बावीस हायत. खालची एक गाळात गेली." आप्पा ताबडतोब घाटावर जाऊन आले. कोटाच्या बाह्या कोपरापर्यंत चिखलानं भरल्या होत्या. "पोरगी दिली," त्यांनी दारातूनच सांगितलं. "ज्याला दुखत्या गुडघ्यानं पायऱ्या मोजाव्या वाटत्यात, त्याच्या घरात माणसाची आबाळ व्हायची न्हाई." मुलीला मुलगा पसंत होता की नाही हे नंतर विचारलं गेलं. सुदैवानं होता.

मी त्यांच्याकडं गेलो तो दुष्काळाच्या दुसऱ्या वर्षी. मी मूळचा दौंडचा. वडील रेल्वेत खलाशी, म्हणजे यार्डातले मजूर. दौंडात आमच्या लेखी घर म्हणजे क्वार्टर आणि क्वार्टर मिळतो तो ग्रेड बघून, त्यामुळं खोली मागताना आडनावाचं काय करायचं हे मला कुणी शिकवलं नव्हतं. शिरूरच्या एका कचेरीत कारकून म्हणून लागलो आणि महिन्याभरात शिकलो. तीन घरांत मला खोली पसंत पडली आणि तिन्ही घरांत दुसऱ्या दिवशी त्यांच्याकडं अचानक पाहुणे यायचे ठरले. आमचं आडनाव तसं मराठ्यांतही चालणारं आणि आमच्यातही. पण चौकशी करणारा गावापर्यंत जातो, वडिलांपर्यंत जातो, आणि मग आम्ही बौद्ध आहोत हे निघतंच. मी कचेरीतल्या रेकॉर्डच्या खोलीत टेबलावर झोपत होतो आणि साहेबांनी महिनाअखेरपर्यंतच मुभा दिली होती. बायको आणि आठ महिन्यांची मुलगी दौंडला मेहुण्याच्या क्वार्टरमध्ये, सहा माणसांत दोन. मला खोली पाहिजे होती. त्या वेळी दुसरं काही पाहिजे नव्हतं.

निघताना आप्पांनी विचारलं, "दौंडात बघन्यासारखं काय हाय?"

"जंक्शन आहे," मी म्हणालो.

"ते रेल्वेचं झालं. गावाचं काय?"

जन्म तिथं गेला होता, पण मला एक गोष्ट सांगता आली नाही. आप्पांनी नुसतं "हं" केलं.

देवळापाशी मी बाहेरच थांबलो. ते आत जाऊन आले, माझ्या हातावर खडीसाखर ठेवली आणि पुढं चालू लागले. मी ती मुठीत धरून चाललो. आता विचारतील, मग विचारतील, असं करत साडेदहा वाजले आणि आम्ही दगडी हौदापाशी आलो.

"हा घोड्यांचा हौद," आप्पांनी छत्री वर केली. "छावणी हुती तवाचा. पल्याडची इहीर माणसांची, हा घोड्यांचा. कडंला ह्या चार खळग्या दिसत्यात, त्या लगामाच्या कड्या घासून पडल्या. माणसानं ह्या पान्याला कवा तोंड लावल्यालं न्हाई."

हे खोटं होतं. मला ठाऊक होतं. माझ्या आईचं माहेर शिरूर. तिचे वडील फौजदाराच्या घोड्याचे मोतद्दार होते, आणि त्या हौदाच्या पाण्यावर ती वाढली. लहानपणी मी हे इतक्या वेळा ऐकलं होतं की हौद न बघताही मला माहीत होता. तोंड उघडलं असतं तर जकात तिथल्या तिथं भरली गेली असती आणि खोलीही तिथल्या तिथं गेली असती. मी खळग्यांकडं बघितलं आणि गप्प राहिलो.

जेवणानंतर वही निघाली. मी म्हणालो, "पोस्टावरचं घड्याळ बंद आहे असं तुम्ही सांगितलंत. बंद नाही. मोठा काटा गळालाय, छोटा फिरतो." आप्पा तसेच उठले. भर दुपारी पोस्टासमोर तासभर उभे राहून छोटा काटा नऊवरून दहावर जाताना त्यांनी स्वतःच्या डोळ्यांनी बघितला, कारण ते घड्याळ चालत असलं तरी चार तास मागं होतं. आल्यावर खूश होऊन किल्ली माझ्या हातात दिली. मलाही आनंद झाला. लपवायची सवय लागायला एवढंच पुरतं.

मग वर्षभर आम्ही लपवलं. घराघरांत आमच्याकडं जी तसबीर भिंतीवर असते ती बायकोनं ट्रंकेत साड्यांखाली ठेवली. काकू हळदीकुंकवाला बोलवत तेव्हा ती जाई आणि आल्यावर माझ्याशी बोलत नसे. सगळ्यात वाईट मी एक केलं. गावाबाहेरच्या वस्तीत माझी मामी राहत होती. मामा वारले होते, एका खोलीत ती, मुलगा, सून आणि त्यांची चार पोरं. शिरूरला आलो तेव्हा पहिले चार दिवस मी तिथंच जेवलो होतो. आप्पांची खोली मिळाल्यावर मी त्या वस्तीच्या रस्त्यानं जायचं बंद केलं. बाजारात मामेभाऊ समोरून आला की तोच तोंड फिरवून पलीकडं जाई, मला अवघड होऊ नये म्हणून. त्यानं ओळख दाखवली असती तर मला राग आला असता. आज हे लिहायला लाज वाटते, तेव्हा सुटका वाटायची.

दुसऱ्या वर्षी हिवाळ्यात आई नातीला बघायला दौंडहून आली. एका रात्रीपेक्षा जास्त राहणाऱ्या पाहुण्यालाही फेरी होती. मी आप्पांना म्हणालो, "आईचे पाय दुखतात."

"माजं पाय कुटं दुकत्यात?" आतून आई म्हणाली.

बायकोनं आदल्या दिवशीच तिला बजावलं होतं की वस्तीचं काही बोलायचं नाही. आई "बरं" म्हणाली होती. आई सगळ्यालाच बरं म्हणते.

मीही मागं मागं गेलो. आप्पांनी नेहमीप्रमाणं सांगितलं, "बाई, दोन पावलं मागं ऱ्हावा."

"मला वाट ठाव हाय," आई म्हणाली आणि त्यांच्या बरोबरीनं चालू लागली. आप्पा गोंधळले, पण वयस्क बाई, काय बोलणार. घाट झाला, दफनभूमी झाली. हौद आला. छत्री वर गेली, भाषण सुरू झालं आणि शेवटच्या वाक्याला आईनं पदर सावरत म्हटलं, "म्या लावलंय की तोंड."

आप्पा थांबले. मागल्या वाक्यापासून सुरू केलं नाही.

"माजं म्हायेर हितलं. आमी म्हारवाड्यातली. इहिरीवर आमाला कोन चढू देतंय? पखाली यायचा, फौजदाराच्या घोड्यासाटी हौद भरायचा. घोडं सोडायच्या आदी आमच्या आया-बाया मडकी भरून घ्यायच्या. मागं ऱ्हायली ती घोड्याचं उष्टं न्यायची." तिनं वाकून एका खळगीवर मूठ ठेवली. "लगामानं येवडा गोल पडंल का, आप्पा? ही मडकी टेकवून टेकवून पडल्यात. ही कडंची माज्या आईची जागा."

मला मुलीचं अंथरूण, बायकोनं आदल्या आठवड्यात बांधलेली वाळत घालायची दोरी, असलं काहीबाही दिसायला लागलं. आप्पा मात्र उकिडवे बसले होते. त्यांनी चारही खळग्यांवरून हात फिरवला. पहिलीत मूठ बसवून बघितली, मग तळवा. मग वही काढली.

"पखाली किती वाजता यायचा?"

"दिस उगवायला."

"फौजदाराला ठाव हुतं?"

"असंल की. त्याच्या घोड्याला पानी कमी पडत नव्हतं, तवर त्याला काय."

नाक्यावर ट्रकवाल्याला विचारावं तसे त्यांनी सहा-सात प्रश्न विचारले आणि उत्तरं लिहून घेतली. मला ते सहन होईना. मी म्हणालो, "आप्पा, खोली कधी रिकामी करू?"

त्यांनी वर बघितलं नाही. "तुमची जात तुमच्या कचेरीतल्या शिपायानं मला पयल्या आठवड्यातच सांगितली. हौदाचं कुनी सांगितलं न्हाई." मग पेन्सिल थांबवून माझ्याकडं बघितलं. "तुमाला ठाव हुतं?"

"हो."

"आन् मला तुमी घड्याळाचा काटा दिला."

शिव्या दिल्या असत्या तरी इतकं लागलं नसतं. वर्षभर मी ज्या गोष्टीसाठी जीव मुठीत धरून राहिलो ती त्यांना माहीत होती आणि तिचं त्यांना फारसं काही नव्हतं. राग होता तो माल दडवल्याचा. "नाक्यावर धापट दंड बसतो," ते म्हणाले. "धा गोष्टी. खोली सोडायची असंल तर दंड भरून सोडा." त्या दहा भरायला मला पुढं चार वर्षं लागली, आणि दहावी भरली त्याच्या आसपासच माझी दौंडला बदली झाली.

आप्पांना कुणी समाजसुधारक समजू नये म्हणून पुढचं इथंच सांगून टाकतो. काकूंना त्यांनी काही सांगितलं नव्हतं. त्या दिवशी कळल्यावर काकूंनी पाण्याचा माठ उचलून आतल्या खोलीत नेला. माझी दुडुदुडु चालणारी मुलगी रोज जाऊन तिथंच बसायची. तिला किती वेळा उचलून बाहेर ठेवणार? उन्हाळ्यापर्यंत माठ पुन्हा ओसरीवर आला, पण काकूंनी त्यावर चकार शब्द काढला नाही, आणि आप्पांनीही त्यांना कधी काही म्हटलं नाही. हौदापाशी मात्र भाषण बदललं. नव्या भाडेकरूला ते खळगीत मूठ ठेवायला लावत आणि ही कुणाची मडकी ते सांगत. दोन भाडेकरू तिथूनच परत गेले. शेजारची खोली सात महिने रिकामी राहिली. लोक म्हणाले, आप्पा, एवढं वाक्य गाळा. आप्पा म्हणाले, "बरोबर हाय ते कसं गाळू?" त्यांचं सगळं शहाणपण आणि सगळा वेडेपणा या एका वाक्यात होता.

पण त्या दिवशी आम्ही अजून हौदापाशीच होतो. आप्पांनी वही मिटली आणि छत्री बाजारपेठेकडं वळवली. आई जागची हलली नाही.

"आमची वस्ती दावता का हो तुमी कुनाला?"

"तिकडं काय हाय..." आप्पा म्हणाले आणि तिथंच अडखळले. त्रेसष्ट वर्षांचा माणूस, गावातल्या एकेका दगडाचा जन्म सांगणारा. वस्ती हौदापासून दोनशे पावलांवर होती आणि ते तिथं कधीही गेलेले नव्हते. हे त्यांना त्या क्षणी कळलं असावं, कारण त्यांचा चेहरा मोजणी चुकल्यावर होई तसा झाला.

"चला," आई म्हणाली.

ती पुढं, आप्पा दोन पावलं मागं, त्यांच्यामागं मी. आईनं समाजमंदिर दाखवलं, पोरांनी रंग दिलेला त्याचा कट्टा दाखवला, वस्तीतल्या पहिल्या मॅट्रिक झालेल्याचं घर दाखवलं. बाहेरून जिची फक्त पाठ दिसायची ती आमच्या आजोबांच्या घराची पडकी भिंत दाखवली, आणि घोड्याचा खरारा अडकवायची खुंटी अजून तिच्यात होती. आप्पा लिहीत होते. दारादारांतून माणसं बघत होती. शेवटी मामीचं घर आलं. मामीनं आईच्या गळ्यात हात टाकले, मला बघितलं न बघितलं केलं, आणि आत जाऊन तांब्या भरून आणला. तो तिनं आप्पांच्या पुढं धरला.

आप्पांच्या एका हातात वही, दुसऱ्यात पेन्सिल. ते तांब्याकडं बघत राहिले. जात माहीत असून खोली ठेवणं वेगळं आणि हे वेगळं, ते त्यांना कळत होतं आणि आम्हालाही. वही खिशात गेली. पेन्सिल कानावर गेली. त्यांनी तांब्या घेतला आणि वरून धार धरून प्यायले. वरून तर आम्हीही पितो, त्यात काही काढायचं नाही. तांब्या रिकामा होईपर्यंत प्यायले.

"कसं हाय पानी?" आईनं विचारलं.

"गोड हाय."

"लिवा मग."

त्यांनी लिहिलं. मामी तांब्या घेऊन आत गेली, भरून आली, आईला दिला. मग पुन्हा आत गेली आणि चुलीशी काहीतरी करत बसली. मला तिनं पाणी विचारलं नाही. मी बराच वेळ उंबऱ्याबाहेर उभा होतो. शेवटी म्हणालो, "मामी, मला पाणी दे."

तेव्हा तिनं दिलं.